कुणाचंच नसलेलं नाव

"आई, नाव ठरलं," सून म्हणाली तेव्हा मी बाजरीचं पीठ चाळत होते. हात चाळणीतच थांबला. खरं सांगते, आनंद झाला नाही, भीतीच वाटली. नात सव्वा महिन्याची झालती, वजनकाट्यावर सव्वादोन किलोच्या अलीकडंच काटा थांबत होता, आणि हिनं नाव ठरवलं सुद्धा.

नाव तिनं सांगितलं. मी म्हटलं, "आं?" तिनं परत सांगितलं. चार अक्षरांचं होतं. ऐकायला गोड, पण कुठल्या देवीचं नाही, नदीचं नाही, फुलाचं नाही. ते नाव मी इथं लिहीत नाही. लिहायला घेतलं की हात मागं येतो. तो का येतो ते वाचता वाचता कळंल तुम्हाला.

"अर्थ काय ह्याचा?" मी विचारलं.

"अर्थ असा न्हाई काही. मीच बनवलंय."

"बनवलंय म्हंजी? नाव काय धपाटं हाय व्हय बनवायला?"

ती हसली. मुलगा जेवत होता, त्याचं पाटोद्यात मोबाईलचं दुकान आहे, त्याला सगळं नवंच आवडतं. तो म्हणाला, "माय, आजकाल एका वर्गात एकाच नावाच्या चार चार पोरी निघत्यात. बाईंनी हाक मारली की चौघी उभ्या. आपलीचं कसं एकटीचंच ऱ्हाईल."

एकटीचंच. मला तोच शब्द टोचला.

आता मी कशाला भीत होते ते सांगते, नाहीतर तुम्ही म्हणाल म्हातारी जुन्या वळणाची, नव्याला नाक मुरडती. तसं नव्हतं हो. मी शाळेत गेले नाही, मुलगा पहिलीला बसला तेव्हा त्याच्याच पुस्तकावर अक्षरं शिकले. त्याच्या पाटीवर मीही गिरवलं. तेव्हापासून नवा शब्द दिसला की मला तो दोनदा वाचावा वाटतो. शब्दाला मी कधी भ्याले नाही. पण नावाला भीत होते.

ह्या नातीच्या आधी घरात दोन बाळं झाली आणि दोन्ही राहिली नाहीत. पहिलं सातव्या महिन्यात आलं, श्वास न घेताच आलं. गड्यांनी ते फडक्यात गुंडाळून नेलं, मी बघितलं सुद्धा नाही. मुलगा होता का मुलगी, हेही मी दोन दिवसांनी विचारलं.

दुसरा मुलगा. पुऱ्या दिवसांचा, गुटगुटीत. तो बीडच्या दवाखान्यात झाला तेव्हा माझे मालक जाऊन वर्ष झालं नव्हतं. नर्सबाईनं बाळ माझ्या हातात दिलं, मी टोपडं बाजूला सारून कान बघितले. कान मालकांचेच, वरून जरासे दुमडलेले. मग मला काय झालं कुणास ठाऊक, त्या दवाखान्याच्या बोळात उभं राहून मी मालकांच्या नावानं मोठ्यानं हाक मारली. "आलात का परत?" म्हटलं. आयुष्यभर ज्यांचं नाव उखाण्याशिवाय घेतलं नाही त्यांचं नाव पोराचं म्हणून घेताना मला हसू आवरंना आणि रडूही आवरंना. बाकावरचे लोक बघत राहिले.

आमच्याकडं बारश्याच्या आधी नाव घेत नाहीत. तोवर लेकरू सटवाईचं असतं, आपलं नसतं. माझ्या आईनं मला हे दहा वेळा सांगितलेलं. तरी मी पहिल्या दिवसापासून त्याला नावानं हाक मारत होते. अंघोळ घालताना नाव, पायावर झोपवताना नाव. अकराव्या दिवशी संध्याकाळी मी उद्याच्या बारश्याच्या घुगऱ्यांसाठी हरभरे भिजत घातले, आणि त्याच संध्याकाळी तो गेला. डॉक्टर म्हणाले, हृदयात आधीपासूनच काहीतरी होतं. असंल. भिजलेले हरभरे सकाळी मी म्हशीपुढं ओतले.

सून मला एका शब्दानं बोलली नाही. एका ओट्यावर दोघी स्वयंपाक करत होतो, मीठ दे, चटणी दे, एवढंच. तिच्या मनात काय आहे ते मी विचारलं नाही, कारण उत्तर मला माहीत होतं असं मला वाटायचं.

आणि मग ही. आठव्या महिन्यातच आली, पावणेदोन किलोसुद्धा नव्हती. एकोणीस दिवस काचेच्या पेटीत होती. घरी आणली तेव्हा मी दिवसातून कितीदा तिच्या नाकाखाली बोटं धरायची ते माझं मला माहीत. झोपलेलं लेकरू कुणी उठवतं का? मी उठवायची. जरा चिमटा घ्यायची, ती रडली की मला बरं वाटायचं.

नाव ऐकलं त्या दिवसापासून माझ्या डोक्यात एकच फिरत राहिलं. देवाचं नाव ठेवलं तर त्या देवाला निदान लाज तरी असते, आपल्या नावाचं लेकरू आहे म्हणून हात ठेवतो डोक्यावर. आणि ज्या घरात लेकरं राहात नाहीत तिथं आपल्या लोकांनी दुसरीच वाट काढली होती. लेकरू उकिरड्यावर ठेवायचं. शेजारणीनं ते सापडलं म्हणून उचलायचं. मग आईनं सूपभर ज्वारी देऊन तिच्याकडून विकत घ्यायचं आणि नाव ठेवायचं केराकचऱ्याचं, म्हणजे मरणाला वाटावं, हे फेकलेलंच आहे, ह्याला काय न्यायचं. माझा धाकटा भाऊ असाच राहिलेला. माझ्या पाठची तिघं गेली, चौथ्याला आईनं उकिरडा दाखवला. आज साठीच्या घरात आहे आणि शेरडांमागं डोंगर चढतो.

सुनेनं बनवलेल्या नावात मात्र यातलं काहीच नव्हतं. ना वर देवाचा हात, ना खाली उकिरड्याचा आडोसा. उघड्या माळावर ठेवल्यागत वाटायचं मला लेकरू.

मी माजलगावला लेकीला फोन लावला. बारश्याला आत्या तीच, नाव कानात सांगायचं तिनंच. म्हटलं, वहिनीला समजाव. ती म्हणाली, "माय, मला तर ते पाठ करावं लागतंय. पण तिचं लेकरू हाय, तिला ठिवू दी. तू मधी पडू नको." शेवटचं वाक्य ती जरा सावकाश बोलली. मला कळलं ती कशाबद्दल बोलती.

मग भावाला लावला. म्हटलं, "तू सांग, तुझं नाव वाईट हाय म्हणून तुझं काय बिघडलं?"

"बिघडलं न्हाई?" तो हसायला लागला. "पोरगी बघायला गेलतो तवा सासऱ्यानं नाव इचारलं. मी खालीच बघायलो. मग दोस्तानं दुसरंच नाव ठोकून दिलं, त्येच पत्रिकेत छापलं. बायकोला खरं नाव लग्नानंतर कळलं, चार दिस बोलली न्हाई."

"पर जगलास ना?"

"जगलो की. जगायला लई बेस हाय त्ये नाव."

बास. मला तेवढंच ऐकायचं होतं.

आमच्या शेजारी मेंढरं राखणारं घर आहे. तिथली म्हातारी माझ्याच वयाची, जिभेला हाड नाही पण मनानं लोणी. तिला मी बेत सांगितला. ती म्हणाली, "सुनंला इचारलंस का?"

"इचारलं तर ती करू दील व्हय?"

"मग मला कावून अडकवतीस? तुझी सून शिकलेली हाय, माझ्यावर केस करंल."

"करंना का. तू मेंढरं घेऊन डोंगरात पळ."

असं हसत हसतच आम्ही ठरवलं. सून तिच्या तपासणीला मुलाबरोबर पाटोद्याला जायची होती. आदल्याच दिवशी नातीला उपकेंद्रात दीड महिन्याची सुई टोचून आणली होती, तेवढंच काय ते ती बाहेर गेलती. जाताना सून मला म्हणाली, "आई, वारं हाय. दार लोटूनच ठेवा." मी म्हटलं, "तू जा निवांत."

ती दोघं गेली आणि मी लेकरू गोधडीत गुंडाळलं. हिवाळ्याची सकाळ, ऊन होतं पण वाऱ्याला धार होती. उकिरड्यावर नवं शेण पडलेलं, वाफ निघत होती. सूप टेकवलं आणि त्यात तिला ठेवलं. इतकी हलकी की सूप हाललं सुद्धा नाही. मी पाठ फिरवून चार पावलं चालले. मागं वळून बघायचं नसतं. ती चार पावलं मला किती लांब वाटली!

मागनं शेजारीण ओरडली, "अगं बया, कोनी टाकलं हे लेकरू? कोनाला पायजे का? नसंल तर मी नेते, मेंढरामागं बरं हाय." मग मी वळले, "मला दी" म्हटलं, ज्वारी तिच्या पदरात ओतली आणि लेकरू घेतलं. घेताना त्या कचऱ्याच्या नावानं एकदा हाक मारली. ते नावही इथं लिहीत नाही, पण आमच्या भागात ऐकलं की कळतं लेकरू कुठनं उचललंय. तिला दोनदा शिंका आल्या. शेजारीण म्हणाली, "ऱ्हाती बघ आता. शिंकली म्हंजी ऱ्हाती."

मला त्या दुपारी इतकं हलकं वाटलं की मी दोन वर्षांत पहिल्यांदा गुणगुणत भांडी घासली.

दुपारी दोघं परत आली. चार वाजता सून पाजायला बसली आणि म्हणाली, "आई, अंग गरम लागतंय हो."

हात लावला. तापलं होतं. सुईवाल्या ताई म्हणाल्या होत्या, ताप आला तर रात्रीच येईल, सकाळपर्यंत उतरेल. रात्री आला नव्हता. सकाळीही नव्हता. मला सगळं कळलं आणि मी काही बोलले नाही. मुलानं गाडी काढली. मीही मागं बसले, मला कुणी चल म्हणालं नव्हतं. पाटोद्याचा रस्ता अर्ध्या तासाचा. सून मध्ये लेकरू पदराखाली धरून बसली होती आणि मी तिच्या पाठीमागून लेकराचा श्वास ऐकू येतोय का बघत होते. गाडीच्या आवाजात काय ऐकू येणार?

लेकरांच्या डॉक्टरांनी काटा लावला, पोट दाबलं, छाती ऐकली. मग विचारलं, "बाहेर नेलं होतं का? धुळीत, गर्दीत?"

"न्हाई," सून म्हणाली. "काल सुईला तेवढं."

"नेलतं," मी म्हणाले.

सगळे माझ्याकडं वळले.

"आज सकाळी. मी नेलतं. उकिरड्यावर ठेवलं."

डॉक्टरांचा पेन थांबला. मुलगा "माय!" एवढंच म्हणाला. सून माझ्याकडं बघत राहिली, आणि तिच्या नजरेत मला आधी राग दिसलाच नाही, नुसतं न कळणं दिसलं. राग नंतर आला, मी तो येताना बघितला. डॉक्टर भले माणूस. ते मला ओरडले नाहीत. किती वेळ ठेवलं, काय पांघरलं, शिंकली का, खोकली का, सगळं नीट विचारलं. म्हणाले, "सुईचाही असेल, त्याचाही असेल. आत्ता सांगता येत नाही. इतक्या लहान बाळाचा ताप मी घरी पाठवत नाही. इथंच बसा, मी बघत राहतो. उतरला नाही तर बीडला न्यायचं."

आम्ही बाहेरच्या बाकावर बसलो. मुलगा औषध आणायला गेला. सून आणि मी, मध्ये एका माणसाची जागा मोकळी. मी मनात मालकांना, सटवाईला, सगळ्यांना हात जोडत होते.

सून म्हणाली, "काय नाव ठेवलं तिथं?"

मी सांगितलं.

ती लेकराकडं बघत म्हणाली, "माझ्या लेकराला?"

मी म्हटलं, "बाई, तुझ्या त्या नावाला आधारच न्हाई गं. अर्थ न्हाई, देव न्हाई. मला भ्या वाटलं. मागच्या वेळी मी नाव घाईनं घेतलं, आणि..."

तेव्हा तिनं जे सांगितलं ते मी तिच्याच शब्दांत लिहिते.

"आई, ही पेटीत होती तवा मी बाहेर बसून मोबाईलवर नावं बघत होते. एक नाव आवडलं. तसंच शोधून बघितलं, तर त्या नावाची एक पोरगी अपघातात गेलेली, फोटोला हार. दुसरं आवडलं. त्या नावाची एक बाई वारलेली, वर्षश्राद्धाचं आमंत्रण. कोणतंबी नाव घ्या, कुठंतरी कोणीतरी गेलेलंच हाय. मग मी अक्षरं जोडत बसले. ह्याचं एक, त्याचं एक. आणि हे नाव टाकलं, तर मोबाईल म्हणला, काहीच सापडलं न्हाई. मला इतकं बरं वाटलं! ह्या नावाचं अजून कोणीच मेलेलं न्हाई. म्हणून ठेवलं. अर्थ कशाला पाहिजे?"

मी उकिरड्यावर जे करायला गेलते तेच ही दवाखान्याच्या खुर्चीवर बसून करत होती, आणि तिचं लेकरू उबेत होतं.

मग ती म्हणाली, "आणि त्याला तुमी नावानं हाक मारली, त्याचा मला कधीच राग न्हाई आला. पहिल्याला तर कोणी कसलीच हाक मारली न्हाई. त्याला निदान अकरा दिवस नाव होतं." लेकराच्या कपाळाला हात लावून म्हणाली, "पण आजचा राग हाय. तो लवकर जाणार न्हाई."

"नको जाऊ दे," मी म्हटलं. खरंच तसंच म्हटलं.

दिवेलागणीला ताप उतरला. डॉक्टरांनी दोन दिवस रोज दाखवायला सांगितलं. कशाचा होता ते शेवटपर्यंत कळलं नाही. शेजारीण म्हणते, मरण येऊन बघून गेलं आणि उकिरड्याचं म्हणून सोडून गेलं. मी तिच्याशी वाद घालत नाही आणि हो सुद्धा म्हणत नाही.

बारसं पुढच्या महिन्यात झालं. चार घरच्या बायका, पाळण्याला साधी पिवळी ओढणी. लेकीनं नाव विसरू नये म्हणून तळहातावर पेनानं लिहून आणलं होतं, आणि घामानं ते पुसलं. पाळण्यात वाकून "कुर्र" म्हणाली आणि अडकलीच. बायका पाठीत धपाधप मारायला लागल्या. "अगं, सांग की! आत्याच अडकली तर पोरगी शाळंत काय सांगल!" शेवटी सुनेनंच हळूच सुचवलं. नाव ऐकून मेंढरवाली शेजारीण म्हणाली, "हे नाव हाय का गोळ्यांचं पाकीट? जेवल्यावर घ्यायचं का उपाशीपोटी?" सून सगळ्यांत जास्त हसली. मी दाराशी घुगऱ्या वाटत होते. पाळण्याजवळ ये असं मला तिनं म्हटलं नाही, आणि मीही गेले नाही.

त्यानंतर कितीतरी महिने मी ते नाव घेतलं नाही. बाळ म्हणायची, सोनं म्हणायची, ए बाई म्हणायची. सुनेनं एकदा विचारलंच, "तुमी तिला नावानं कावून हाक मारत न्हाई?"

"मारते की," मी म्हटलं.

"कधी?"

मी धुणं घेऊन बाहेर गेले.

पोरगी रांगायला लागली तेव्हाची गोष्ट. सकाळची वेळ, न्हाणीच्या दाराशी बादलीत पाणी तापवायचा रॉड टाकलेला, बटण चालू. मी भाकरी थापत होते, दोन्ही हात पिठात. बघते तर पोरगी त्या बादलीच्या रोखानं निघालेली, हात पुढं, लोंबणाऱ्या वायरीपासून वीतभर. मी "ए ए" केलं, "बाळ, बाळ" केलं. ती चाललीच. आणि मग माझ्या तोंडातून ते नाव निघालं. चारी अक्षरं, मोठ्यानं, अंगणापर्यंत जाईल इतक्या मोठ्यानं.

ती थांबली. बसली. मान वळवून माझ्याकडं बघितलं, अगदी, काय गं, म्हणल्यासारखं.

सून आतून पळत आली. आधी बटण बंद केलं, मग पोरगी उचलली. मी पीठभरल्या हातानं तशीच उभी. म्हटलं, "वळली गं. नावाला वळली."

"ऐकलं मी," ती म्हणाली.

आनंद व्हायला पाहिजे होता, नाही का? लेकराला नाव कळलं म्हणजे लेकरू आपलं झालं. पण मला पहिलं मनात आलं ते वेगळंच. आता तिला नाव लागलं. आता कुणीही हाक मारली, अगदी मरणानं मारली, तरी ती थांबेल, वळून बघेल. हे मी सुनेला सांगितलं. वाटलं, हसेल, नाहीतर चिडेल. तिनं पोरीचे गुडघे झाडले, अंगणात कुणी आहे का बघितलं आणि हळू आवाजात म्हणाली, "मीबी बाहेर मोठ्यानं घेत न्हाई, आई. बाजारात असलं की नुसतं बाळच म्हणते."

मग तिनं पोरगी माझ्याकडं दिली. हाताला पीठ आहे म्हटलं, तर म्हणाली, "असू द्या." मी तिला छातीशी धरलं, तव्यावरची भाकरी करपायला लागलती, आणि सून ती उलटायला वाकली.